बोलका आदेश

यादीत एकशे चौदावं प्रकरण.
पुकारा झाला तेव्हा जेवणाच्या सुट्टीला सात मिनिटं उरलेली,
आणि सत्तन मेहता, रास्त भाव दुकानदार,
मौजे परसौनी घाट, जिल्हा सुपौल,
दाराशी उभा होता नवे बूट घालून.
उजवा चावत असावा. सारखा भार डाव्यावर.

मी लघुलेखक. साहेब बोलतात, मी उतरवतो.
पाटण्याच्या या कोर्टात चौदा वर्षांत
इतक्या दुकानांची कुलपं माझ्या बोटांखालून गेली
की वाक्यं आधीच येऊन बसतात कळफलकावर:
परवाना रद्द करताना कारणं दिलेली नाहीत.
खुलाशाला चोवीस तास दिले, तपासणी अहवालाची प्रत दिली नाही.
मुका आदेश टिकत नाही. आदेशानं बोललं पाहिजे.

आदेशानं बोललं पाहिजे.
हे टाइप करताना दर वेळी माझी पाठ ताठ होते.

अनुमंडल अधिकाऱ्यानं लिहिलं होतं एवढंच:
'खुलासा समाधानकारक नाही.'
तीन शब्द, आणि सहीची शेपटी पानभर.

ठाकूर वकील सांगत होते,
गोदामातूनच पोतं येतं सत्तेचाळीस किलोचं, पावती पन्नासची,
वरचे तीन किलो माझ्या अशिलानं कुठून आणायचे?
सरकारी वकील फाईल चाळत राहिले.
ती दुसऱ्याच कुणा सत्तन मेहताची निघाली.

परिशिष्ट चार मी सुट्टीत वाचलं. वाचायचं काही कारण नव्हतं.
तेतरी देवीचा जबाब. एकटीचं कार्ड.
पाचाच्या जागी चार मिळतात, विचारलं तर म्हणतो मशीन खातं.
खाली अंगठा. झेरॉक्सची झेरॉक्स,
रेषा नाहीत, नुसता काळा डाग,
पूर ओसरल्यावर भिंतीवर राहतो तसा.

याचिकेत ती पक्षकार नाही.
दुसरी बाजू ऐका म्हणतो कायदा,
आणि दोनावर मोजणं थांबवतो.

रद्द केल्याचा आदेश रद्द.
प्रकरण पुन्हा अधिकाऱ्याकडे, तीन महिन्यांत, ऐकून, कारणांसह.
तोवर दुकान चालू.
'जिंकलो का?' सत्तननं विचारलं.
वकील म्हणाले, 'हरला नाहीस.'

छठला गावी गेलो. आमचं गाव तटबंधाच्या बाहेर, कोरड्यात,
परसौनी आतल्या अंगाला, कोसीच्या ताटात.
पारणाच्या दुसऱ्या दिवशी बायकोला म्हटलं, मासे आणतो,
आणि नावेत बसलो.

दुकान बंद होतं ते आठ महिने तेतरी देवीचं कार्ड
नवटोलीच्या दुकानाला जोडलेलं.
मध्ये दोन धारा. नावेचे जायचे वीस, यायचे वीस,
पिशवीचे दहा वेगळे, तांदूळ फुकट.
'जवळचा चोर बरा होता,' ती म्हणाली.
मग माझ्या खिशातल्या पेनाकडे बघून:
'चोर नको म्हणूस. लिहून घेशील.'

मी लिहीत नाही, उतरवतो,
हे तिला कसं सांगायचं मला सुचलं नाही.

सत्तन अनवाणी होता.
त्यानं तिचा अंगठा स्वतःच्या गमछानं पुसला,
मशीनवर दाबला. नाही. तेल लावून पुन्हा. नाही.
'आजी, जोर लाव, सरकार बहिरं आहे,' म्हणाला,
आणि ती हसली, खरंच हसली,
जिनं त्याच्याविरुद्ध अंगठा दिला होता.
तिसऱ्यांदा हिरवा दिवा.

काटा चार किलो आठशेवर थरथरला.
सत्तननं माझ्याकडे पाहिलं. मला नाही, माझ्या बुटांकडे,
चकचकीत, शहरातले, कोर्टातले,
आणि एक मूठ टाकली. मग अजून अर्धी.

कारण कुणी विचारलं नाही. त्यानं सांगितलंही नाही.
तिनं पदराची गाठ मारली, दातांनी ओढून घट्ट केली.

नाववाला हाका मारत होता, उजेड होता तोवर निघायचं.
घरी सांगितलं,
मासे मिळाले नाहीत.