तीनशे सेकंद

ग्रामपंचायतीच्या मागच्या खोलीत
ब्लीचिंग पावडरच्या पोत्यांवर, खिळ्याला
आठ खाचांची एक डबी टांगली आहे.
एका खाचेत तलाठी, एकीत रेशन दुकान,
अंगणवाडी, मी, सहावीत शाळा.
सातवीत पालीनं अंडी घातलीत.
आठवीतली वायर टाकीवरच्या थाळीला जाते
आणि ती थाळी दिवसरात्र
नाल्यापलीकडच्या थाळीकडं बघत असते.

पार्बताबाई कोडापे अंगठा ठेवते.
कापूस वेचून गुळगुळीत झालेला,
मशीनला तिसऱ्या खेपेला पटतो.
मग त्या अंगठ्याची पाकिटं होतात:
वर पुढच्याचं नाव, मग आपलं,
आत माल,
शेवटी बेरीज.

पुढच्याचं म्हणजे दिल्लीचं नाही,
पांढरकवड्याचंही नाही.
फक्त पुढच्या दाराचं.
लांबचा पत्ता मालात असतो
आणि माल उघडायचा नाही, हा डबीचा धर्म.
पुढच्या दारी हे पाकीट फाडतात,
नवं चढवतात, नवी नावं,
असं दारोदार तिचं पाच किलो धान्य
मागायला जातं.

वाटेत सागाची फांदी हलली,
एका शून्याचा एक झाला,
की बेरीज बसत नाही.
पलीकडची थाळी भांडत नाही.
टाकून देते, गप्प राहते.
'पोचलं' आलं नाही, एवढ्यावरून
इकडची समजते
आणि तेच पाकीट पुन्हा.
डबी बसवायला आलेला सुखदेव लांजेवार म्हणाला होता,
"ताई, राग धरनं वरच्या मजल्याचं काम हाय.
इथं निस्ती बेरीज."

हवा एकच, थाळ्या दोन.
म्हणून आधी कान द्यायचा.
दोघी एकदम बोलल्या तर दोघींचं वाया,
मग थांबायचं; किती,
ते जिनं तिनं मनात फासा टाकून ठरवायचं.
हे ग्रामसभेत सांगून पाहिलं.
दोघं एकदम उठले.

डबी कुणाला नाव विचारत नाही.
जो बोलतो त्याचं नाव, त्याची खाच
आपणच टिपून ठेवते.
तीनशे सेकंद गप्प राहिला
की पुसते.

पटसंख्या चार झाली आणि
जूनमध्ये शाळेला कुलूप लागलं.
तरी कुठल्याशा जुन्या यादीतून
वरून कुणीतरी अजून तिचा संगणक शोधतं.
डबीला आठवत नाही.
मग तलाठी, रेशन, अंगणवाडी, मी,
सगळ्यांच्या दारी एकदम हाक:
हे तुमचं का?
सगळे दिवे लुकलुकतात.
ज्याचं नाही तो ऐकून सोडून देतो.
मीही.

काल किल्ली आणली.
खुर्चीवर उंदराच्या लेंड्या,
फळ्यावर बेचा पाढा सोळापर्यंत.
संगणक कण्हत उठला.
मी काहीच पाठवलं नाही.
तो आपणहून काहीतरी पुटपुटला,
कुणाला उद्देशून असं नाही.

धावत पंचायतीत आले.
सहावी खाच हिरवी.
टिपलं असणार.

पोत्यावर बसले, मोबाईलवर घड्याळ लावलं,
आणि दोनशे ऐंशीला
उठून पुन्हा शाळेकडं निघाले.