उरलेला उशीर

तक्रारवहीत लिहिलं होतं : टीव्ही उशिरा ऐकतो.
पुएर्तो मोंतच्या चढावरचं पत्र्याचं निळं घर,
नाव एलिओदोरो बार्रिआ, फेरीबोटीवरचे निवृत्त कप्तान.
टीव्ही बोलतो, ऐकतो कधी? असं म्हणत
चढ चढलो. नोंद माझ्या नावावर होती.

लाकडाच्या शेगडीशेजारी पंचावन्न इंची पडदा,
वर वाळत घातलेले मोजे.
कप्तानाचा उजवा हात मांडीवर,
शेजाऱ्यानं ठेवायला दिलेल्या सामानासारखा.
मार्चमध्ये अर्धांगाचा झटका आला.
व्यायाम घेणाऱ्या बाई म्हणाल्या, नातवाचा गेम खेळा,
बोटं जागी होतील.
गेम साधा. गोलकीपर. चेंडू येतो, बटण दाबायचं.
'मी दाबतो,' कप्तान म्हणाला, 'आणि तो
गोल झाल्यावर उडी मारतो. दर वेळी.
मग आडवा पडून माझ्याकडे बघतो.'

रिमोट घेतला. सेटिंग्ज, जनरल, बाहेरची उपकरणं.
गेम मोड : ऑफ.
'कुणी बंद केला?'
स्वयंपाकघरातला भांड्यांचा आवाज थांबला.
'मी,' ओर्तेन्सियाबाई म्हणाल्या. 'आपोआप लागायचा मेला,
माझ्या मालिकेतली माणसं आजारी दिसायची.'

मग समजावलं, सगळ्यांना समजावतो तसं :
चित्र आलं तसं टीव्ही दाखवत नाही, बाई.
आधी त्याचं तोंड धुतो, पावडर लावतो, केस विंचरतो,
दोन चित्रांच्या मध्ये, नसलेलं तिसरं रचून बसवतो,
हालचाल लोण्यासारखी व्हावी म्हणून.
या नट्ट्यापट्ट्याला वेळ लागतो.
सेकंदाचा दहावा हिस्सा, थोडा इकडेतिकडे.
मालिकेला चालतं. रडणाऱ्या बाईला कसली घाई.
गोलकीपरला चालत नाही.
गेम मोड म्हणजे, आहेस तसा बाहेर ये.

ऑटो केलं. गेमच्या पेटीतही तीच परवानगी शोधून दिली,
दोघांनी हो म्हटल्याशिवाय हे जमत नाही.
वायर दुसऱ्या खाचेत.
पडदा क्षणभर काळा. मग मैदान परत आलं,
गवत जरा फिकं, कडा खरखरीत.

कप्तानानं दाबलं.
गोलकीपर उडाला. लगेच.
तरी चेंडू जाळ्यात.
पुन्हा जाळ्यात.
सात वेळा. मोजत नाही असं दाखवत मी मोजले.

शेगडीत लाकूड सरकलं.
वाटलं, आता हा ओरडणार. माझ्यावर लोक ओरडतातच.
तो म्हणाला, 'म्हणजे एवढा टीव्हीचा होता,
उरलेला माझा.'
आणि डाव्या हाताचा अंगठा नि बोट यांच्यात
हवेची दोन मापं दाखवली, एक लहान, एक त्याहून लहान.
कुठलं कुणाचं, ते मी विचारलं नाही.

'सुकाण फिरवलं की फेरी लगेच वळते थोडीच.
चाकाओच्या सामुद्रधुनीत, पोटात वीस-बावीस ट्रक घेऊन
ती आधी विचार करते.
आपण तिच्या विचाराआधी वळायचं.
एकोणतीस वर्षं मी उशिराच्या पुढे उभा राहिलो.
पण कुणाचा किती, ते ठाऊक हवं.
प्रवाहाचा उशीर बोटीच्या उशिरात मिसळला
की खडक.'

आठवा चेंडू यायच्या आधीच त्यानं बटण दाबलं.
गोलकीपर भलत्याच बाजूला आडवा.
कप्तान हसला, अर्ध्या तोंडानं,
हल्ली तेवढंच हसतं.

'आणि माझी माणसं?' ओर्तेन्सियाबाई दारात.
पेटी बंद केली की रंग परत येतील, म्हटलं, आपोआप.
पण पेटी झोपली म्हणजे बंद झाली असं नव्हे.
तो बारीक दिवा विझेपर्यंत बटण धरून ठेवायचं.
'आणि हे कोण करणार?'
कप्तानानं उजवं बोट उचललं.
उचललं म्हणजे, हललं.
आम्ही दोघं जागच्या जागी थांबलो.

बिलावर लिहिलं : बिघाड नाही.
मग खोडलं, कारण दुकानात विचारतात,
दीड तास काय करत होतास?
लिहिलं : उशीर कमी केला. काही भाग शिल्लक.