हद्द

सिकमोर स्ट्रीटच्या मधोमध जाते
नकाशावरची तांबडी रेघ.
समोरचं घर इतिहासात येतं,
माझं येत नाही.
म्हणून मी प्लास्टिकच्या खिडक्या बसवल्या,
दार जांभळं रंगवलं,
आणि उद्या घरच पाडलं
तर कुणी साधी हरकतसुद्धा घेणार नाही.

दर महिन्याच्या दुसऱ्या मंगळवारी
पेंडीच्या जुन्या गोदामात वारसा समिती बसते.
भिंतींना अजून मक्याचा वास आहे.
इतिवृत्त मी लिहिते. मत मला नाही.

अर्ज क्रमांक चार:
व्हर्लिन स्ट्राउड, वय एक्क्याऐंशी.
घर १८७१चं, पुढे चुनखडीच्या तीन पायऱ्या.
आर्डिथच्या चाकांच्या खुर्चीसाठी
लाकडी उतार हवा.

टीगबाई अध्यक्ष. वाईट नाहीत.
नियम त्यांनी हळू वाचला,
दवाखान्याबाहेर बोलतात तसा:
रस्त्यावरून जे दिसतं ते बदलायचं नाही.
मागून करा ना, म्हणाल्या. मागे काहीही करा.

आमच्या गावाचं सगळं मागेच असतं.
एसीचे डबे, गॅसच्या टाक्या,
गंजलेली ट्रॅम्पोलिन,
फ्लॉरिडाला गेलेल्या मुलाची बंद पडलेली गाडी.
पुढे फक्त कमानी आणि जिरेनियम.
ऑक्टोबरात बसमधून माणसं उतरतात,
फोटो काढतात,
म्हणतात, किती जपलंय.

मागे चिखल असतो, व्हर्लिन म्हणाला,
नदी येते तिथवर.
मग टोपी एका गुडघ्यावरून दुसऱ्यावर ठेवली.
ह्याच पायऱ्यांवरून तिला आत आणली होती मी,
उचलून.
एकशे आठ पौंड होती तेव्हा.
अजूनही तेवढीच आहे.

मी लिहिलं: अर्जदाराने आपली बाजू मांडली.
चार विरुद्ध तीन. नामंजूर.
पुढे अर्ज पाच, फार्मसीच्या पाटीवरचा सोनेरी रंग,
त्यावर पाऊण तास.

आता माझ्या ओट्यावर
दोन बाराफुटी फळ्या असतात,
हद्दीच्या अलीकडे, म्हणजे कुठल्याच नियमात नाहीत.
रविवारी साडेनऊला मी एक धरते,
दुसरी हार्डवेअरवाल्या ग्रोव्हरचा पोरगा.
रस्ता ओलांडतो, टेकवतो.
आर्डिथ खाली येते,
चर्चचा निळा कोट, डोळे घट्ट मिटलेले,
व्हर्लिन मागून धरून, पाठमोरा, एकेक पाऊल.
मग फळ्या परत. पायऱ्या जशाच्या तशा.

परवा नेमकी त्याच वेळी
टीगबाईंची गाडी आली.
वेग कमी झाला.
काच खाली होती.
बाईंनी मान वळवली
आणि कोपरा येईपर्यंत पाहत राहिल्या
माझ्या घराकडे,
जिथे बघण्यासारखं काही नाही.