अ.पा.क.

बावीस वर्षं बेलिफगिरी केली,
पण देवीला नोटीस बजावायची ही पहिलीच खेप.
शिंगणापूरच्या बंधाऱ्यापल्याड
दोन्हीकडून ऊस अंगावर आलेला,
मधून माझी फटफटी,
पिशवीत मळाई.

प्रतिवादी क्रमांक तीन: श्री मळाई देवी.
वय: अज्ञान.
धंदा: काही नाही.
राहणार: देऊळ, मौजे मजकूर.
तर्फे पालनकर्ता: प्रशासक.

सुगंधाबाई गुरवांना विचारलं, किती वर्षांची असेल ही?
म्हणाल्या, माझ्या सासूच्या सासूलाबी म्हातारीच दिसायची.

सात-बारावर मात्र सालोसाल तेच, अ.पा.क.,
अज्ञान, पालनकर्ता.
नावावर चार एकर अकरा गुंठे.
ऊस कारखान्याला जातो, बिल खात्यावर येतं,
खातं पालनकर्त्याच्या सहीवर चालतं,
आणि हिला अजून मिसरूड,
चुकलो, पदर फुटायचाय.

पहाटे साडेचारला तिला न्हाऊ घालायचं,
निऱ्या घालायच्या, नथीची ढिली फिरकी दोऱ्यानं आवळायची,
आज उपास आहे का नाही ते तिला सांगायचं:
हे करणाऱ्या बाईला कायद्यात काय म्हणतात, मला माहीत नव्हतं.
साळोखेसाहेबांच्या पत्रात होतं.
'संबंधित इसम'.

अडीच ओळींचं पत्र.
संबंधित इसमाची सेवा एक तारखेपासून समाप्त.
पूजाअर्चेसाठी निविदा मागविण्यात येत आहेत,
मागील तीन वर्षांची उलाढाल जोडावी.
खाली सही,
धुरळा उडवून जीप गेल्यासारखी.

कसबा बावड्याच्या कोर्टात त्या दिवशी मी दाराशीच होतो.
इंगवले वकील तासभर सनदेवर बोलले,
सनद मोडीत, कोपरा वाळवीनं खाल्लेला.
न्यायाधीशबाई लिहून घेत होत्या, मग थांबल्या.
देवीची पूजा कुणी करायची, हे मी ठरवणार नाही,
त्या पलीकडच्या टेबलाला म्हणाल्या,
मला एवढंच सांगा,
पत्र काढायच्या आधी
या बाईंना कुणी काही विचारलं होतं?

फाईल पुढून चाळली.
मागून चाळली.
एक टाचणी खाली पडली, ती वाकून शोधली.

तर आता नऊ पानी आदेश घेऊन परत मीच.
डिंकाची बाटली वाळून खडक.
सुगंधाबाईंनी नैवेद्याच्या चुलीवर
वाटीभर कणकेची खळ शिजवून दिली,
चौकट फडक्यानं पुसली,
शेजारची निविदेची नोटीस बघून म्हणाल्या, ही काढू?
नको, म्हटलं. तीबी कागदपत्रातच आहे.

जिंकलो का वो मग आपण?

नोकरीत बसतं तेवढं खरं सांगितलं.
न्हाई, बाई. ते परत काढू शकतात.
सहा आठवड्यांत तुमचं म्हणणं ऐकायचं, कारण लिहायचं,
मग काढायचं तर काढायचं.

असं व्हय, म्हणाल्या.
पायरीवर बसल्या.
ब्याऐंशीला सासू गेली, तवापासनं मला कुणी इचारलं न्हाई.
आता आठवून ठेवाय पायजे.
गाभाऱ्याचा ईशान्येचा कोपरा गळतोय.
तेलाचं चौदा म्हैन्याचं पैसं न्हाईत.
डाव्या डोळ्याची चांदी निखळलीया, मेणानं बसवलीया मी,
ते सांगू का नको?

पोचपावतीवर रकाना होता,
'नोटीस स्वीकारणाऱ्याचे प्रतिवादीशी नाते'.
पेन हातात धरून मी बराच वेळ उभा.
त्या म्हणाल्या, लिवा काय बी.
उशीर व्हतोय, आरती हाय.

फटफटीला तिसऱ्यांदा किक मारली तेव्हा
खळीला मुंग्या लागल्या होत्या.
पहिल्या पानावरून, शिक्क्याला वळसा घालून,
उंबऱ्याच्या आत.