हिरवी राहू दे

हातमोजे काढ, ज्योवालिन.
बोचेलच. सुया आहेत त्या, पानं नव्हेत.
मोज्यातून कळत नाही कुठलं फळ सुटायला आलंय
आणि कुठलं अजून फांदीला बिलगून आहे.

खाली चादर पसर. तीच, फाटकी,
तुझ्या काकाच्या आजारपणातली.
धुतलीय, घाबरू नकोस.
आता फांदी वाकव, काठीनं टिचक्या मार.
झोडपू नको, टिचक्या.
झोडपलंस तर हिरवीही पडतील,
आणि हिरवी म्हणजे पुढल्या वर्षीचं मीठ, रॉकेल, औषध.
त्यांच्यामागे कणीएवढी आहेत ती त्याच्याही पुढल्या वर्षीची.
एकाच फांदीवर तीन वर्षं
मांडीला मांडी लावून बसलेली.
जुनिपरला कुणी घाई शिकवली नाही.

हे निळं बघ, अंगाला राख फासल्यासारखं.
हे धरलं त्या वसंतात तू बसमध्ये होतास
आणि मी पुकाच्या रस्त्यावर,
हातात तुझा विसरलेला डबा.

चोळ बोटांत. हुंग.

तो हुंगतो. बराच वेळ बोलत नाही.
मग सांगतो मिलानमधल्या मोरीचं:
रात्रभर ग्लास विसळायचे,
एकाच्या तळाशी बर्फ वितळून उरलेली तीन फळं,
कुणी चावलीसुद्धा नव्हती.
"एक फोडलं दाताखाली, काकू,
आणि आपली लंगडी बकरी ओरडली कानात."

केवढ्याला तो ग्लास?
बारा युरो.

मी मनात पोती मोजते.
मेहिल शनिवारी तिरानाहून ट्रक आणतो,
काटा त्याचा, काट्याची जीभही त्याचीच.
बारा युरो म्हणजे सहा किलो,
सहा किलो म्हणजे दोन दिवस
आणि कोपरापर्यंत ओरखडे.
हसू फुटतं मला. इतकं, की चादरीचं टोक सुटतं
आणि सकाळपासूनची अर्धी कमाई
घरंगळत जाते उतारावरून, दगडांत.

वेच. मीही वेचते.
ओलं घेऊ नकोस, पोत्यात बुरशी धरते.
मूठभर बाजूला ठेव, खोकल्याला,
आणि कुणी ससा दिलाच तर रश्शाला.

परत जाणार आहेस का, ते विचारत नाही मी.
ही कणी तेवढी बघ,
दिसेल न दिसेल अशी.
अंहं, हात नको लावू.

चादर धर. वारा सुटलाय.