जोवर नाव येत नाही

स्टीलच्या गिलासात उभा केला मोबाईल,
म्हणजे आवाज मोठा होते, विहिरीतून आल्यासारखा.
मोहननगरच्या वळणावर माझा ठेला, वर कडुलिंब,
इस्त्रीत कोळसा, टेबलावर ठाणेदार साहेबाचा खाकी शर्ट.
दुपारचे साडेतीन.
तिकडे कोल्हापुरात पोरींची मॅच सुरू झाली.

सांगणारा तिकडचाच.
"आत घुसलीया, आत घुसलीया, हाण की!"
त्याच्या बोलीची मले सवय नाही,
अर्धं समजते, अर्धं मी मनानं भरतो.
मागं ढोल. मागं कोणी शेंगदाणे विकून राह्यला,
त्याचा आवाज मात्र एकदम साफ.

माझी पोरगी गोलकीपर.
आचल मारोती बरेठ, नंबर एक.
आन गोलकीपरच्या बापाचं ऐकणं उलटं असते, बाप्पा.
बाकीच्यांचे बाप नावासाठी कान टवकारतात,
मी देवाले म्हणतो, तिचं नाव नको येऊ देऊ.
नाव आलं म्हणजे बॉल जवळ आला.
नाव येत नाही तोवर
ती उभी आहे दोन खांबांच्या मधात,
एकटी, हातमोजे चाचपत,
आन सगळं बरं आहे.

मोजे मीच धुतले होते शनिवारी.
सावलीत वाळवले, आपल्या उन्हात रबर तडकते.

झेलणं तिले कोणी शिकवलं नाही.
मी सायकलवरूनच गाठोडं फेकायचो दारात,
ती झेलायची, आन घेऊन खाली बसायची,
लॉजच्या चादरी, तिच्याहून जड.
मोतीबागेच्या मैदानावर सरांनी पाह्यलं, म्हणाले,
ह्या पोरीचे हात कुठून आले बे?
मी काही बोललो नाही.
इस्त्रीवाल्याच्या हाताले लोक
फक्त डाग पडला तरच पाह्यतात.

विसाव्या मिनिटाले चक्र फिरायले लागलं.
आवाज बंद.
गिलासात नुसता गिलास.
समोर जमीलभाईनं शिलाई मशीन थांबवली,
जसं काही त्याच्याच पायानं नेटवर्क अडलं होतं.
"झालं का काही?"
"माहीत नाही."
इस्त्री हवेत, कोळशाची राख शर्टावर,
मी फुंकलीसुद्धा नाही.

मग आवाज परतला,
मधल्या दोन मिनिटांचा हिशोब न देता.
"वाचीवलं! वाचीवलं की पोरीनं!
कोण म्हणायची ही नागपूरची?"
खाकी शर्टाले मी सांगितलं, कोण म्हणायची ते.
जमीलभाई हसला. चहा सांगितला, कट, दोन.

बॅटरी अकरा टक्के.
एक बाई साडी घेऊन आली, उभीच राह्यली,
काय ऐकता म्हणाली, मी बोट ओठांवर ठेवलं,
गिऱ्हाइकाले असं कधी केलं नव्हतं.
तीही थांबली मग. पिशवी खाली ठेवून.

एकाहत्तरावं मिनिट.
"कॉर्नर... वर आलाय... बरेट पुढं आली,
बरेट..."
दोनदा आलं नाव.
त्यानंतर नुसता ढोल,
एवढा की गिलास टेबलावर सरकत गेला
आन कॉलरपाशी येऊन थांबला.

बाईनं विचारलं, आपला का त्यांचा?
जमीलभाईनं मशीन सुरू केली, रिकामीच,
सुईत धागा नव्हता.

शर्ट पुरा केला मी. बाही, खिसा,
खांद्याची पट्टी, जिथं स्टार लागतात.
हात नेहमीसारखा चालला,
ह्याचंच मले आश्चर्य वाटलं.
साडीचे पैसे बाईनं आगाऊ दिले, सुट्टे नको म्हणाली.

सहा वाजता फोन वाजला. चार टक्के.
"बाबा, ऐकलं का?"
मागं पोरी भांडून राह्यल्या होत्या, कोणी रडत होतं,
बस हॉर्न मारत होती.
म्हटलं, नाही बेटा, नेटवर्कच नव्हतं,
काहीच आलं नाही. तू सांग.

ती थोडं थांबली.
मग लागली सांगायले, सुरुवातीपासून,
विसाव्या मिनिटाचं आधी,
कसा डावीकडून आला, कसा बोटाच्या शेंड्यानं...
मी विझत्या कोळशावर पाणी टाकलं नाही,
आवाज झाला असता.