खारट तुळई

दोंडाईच्याला, स्टेशनामागच्या मिरचीच्या गोदामात
छत उतरवायला आलेला दगा मिस्तरी
शिडीवरूनच तुळईला जीभ लावून बघतो.
'हाई लाकूड खारं शे, भो.'
खालचे हमाल हसतात, शिंकतात.

इथून समुद्र म्हणजे
रात्रीची सुरत पॅसेंजर,
आणि पुढचं कुणीतरी सांगितलेलं.

पण तुळईत एक खोबण आहे, छताच्या कामाची नाही.
खिळे तांब्याचे, हिरवे पडलेले.
आणि रंध्याच्या तिसऱ्या हाताला
काजळीखालून अक्षरं.

गोदामवाल्या हातिमभाईंच्या पणज्यानं
मुंबईच्या लिलावात घेतलं, मोडीच्या भावात.
वहीत एवढंच : जुने लढाऊ जहाज, लाकूड, वाघिणी दोन.

पहिलं नाव मोडीतलं, खरवडलेलं,
शेवटी नुसतं 'प्रसाद' उरलेलं.
त्यावर फिरंगी अक्षरं, खोल.
तीही तासून वर फक्त आकडा : चौदा.
जहाज धरलं की आधी छिन्नी मागवत असतील,
शिडं मग सावकाश.

कुणी धरलं, कुठल्या खाडीत,
किती खलाशी उड्या टाकून मेले,
लाकडात नाही.
हातभर लांब जळका वळ तेवढा आहे
आणि तो आकड्यावरून गेलाय.
म्हणजे गोळा लागला तो शेवटच्या नावानंतर.
कोण होतं समोर?
पलीकडच्या गलबतावर एखादा म्हातारा तांडेल
नाळ ओळखून ओरडला असेल का,
थांबा, थांबा, ही आपली...
तोवर बत्ती दिलेली.

दगाचा आजा सातपुड्यात साग पाडायचा.
ओला साग बुडतो, सांगायचा.
म्हणून बुंध्याची साल गोल सोलायची,
दोन वर्षं झाड उभ्यानेच मरू द्यायचं,
मग तापीत सोडायचं, सुरतेच्या वाटेनं.
दगा भाकरीचा तुकडा मोडतो.
'धराई गयं ते तवयच.'

नव्या मालकाचा फोन येतो :
हॉटेलच्या काउंटरला पाहिजे, गुळगुळीत कर.
तो तुळई उलटी करतो, दुसऱ्या अंगाने रंधा चालवतो.
नावं राहतील खाली,
गिऱ्हाइकांच्या गुडघ्यांकडे तोंड करून.

एक छिलका खिशातून घरी येतो.
बायको उजेडात धरते, चाटून पाहते.
'हाई ते नुसतं लाकूड शे.'